हिरोच्या फोटोला हार

गावात पिक्चर काढणारा ललित सकाळपासून दोनदा दारावरून गेला आणि त्याने हाक मारली नाही. सुंदरबाईला ते झोंबलं. पहिल्या पिक्चरच्या वेळी याच ओट्यावर बसून त्याने तिच्या हातची कळण्याची भाकरी खाल्ली होती. तिचा मुलगा कौतिक हिरो होता, तोवर हा ‘आक्का, आक्का’ करत होता मेला.

ती चूल पेटवायला बसली. तेवढ्यात शेजारची नूतन आत आली. डोक्यावर पदर, हातात झाकलेलं ताट.

सुंदरबाईच्या हातातली काडी तशीच जळत राहिली. ज्या घरात मयत होतं तिथे चूल पेटत नाही. शेजारीण असंच झाकून पिठलं-भाकरी आणते.

“माय वं, कसं व्हयनं आक्का!” नूतनने गळा काढला. मागून आणखी चार बाया ओट्यावर बसल्या.

“कोणाचं?”

नूतनने मोबाइल पुढे केला. ललितने स्टेटसला फोटो ठेवला होता. कौतिकचा. फोटोला चंदनाचा हार, पुढे समई.

सुंदरबाईने सुरतेला कामाला गेलेल्या कौतिकला फोन लावला. वाजून वाजून बंद झाला. पुन्हा लावला. कौतिक तिचा फोन तसाही कधी उचलत नसे. तिसऱ्यांदा लावायला तिचं बोट धजेना. दुसऱ्याच कोणी उचलला तर?

ती अनवाणीच ललितच्या घरी गेली. तो कॉम्प्युटरपुढे होता. तिला पाहून तो पांढरा पडला.

“आक्का, तो पिक्चरमधला फोटो शे! भाग दोनमधला. लोक चमकावेत म्हणून पिक्चरचं नाव उद्या टाकणार होतो.”

“मग हार का घातला?”

“काय करू आक्का? दोन वर्षं झाली, कौतिक शूटिंगला येईना. आधी गोष्टीत त्याला जेलात टाकला. मग दुसऱ्याला हेल्मेट घालून त्याच्या मारामाऱ्या घेतल्या, तर ट्रेलर पाहून बठ्ठे लोक हसले. चार वेळा एडिटिंग बदललं. शेवटी मारला. आता त्याचा भाऊ बदला घेतो.”

तिचा विश्वास बसेना. ललितने आपल्या मोबाइलवरून फोन लावला आणि आवाज मोठा केला. कौतिकने लगेच उचलला.

“भाऊ, या महिनामा बी सुट्टी नही,” म्हणाला आणि ठेवून दिला.

सुंदरबाई जमिनीवर बसली. आवाज त्याचाच होता. तिने पदराने तोंड पुसलं.

“ललित,” ती म्हणाली, “येत नाही म्हणून माणूस मारून टाकायचा असता, तर दोन दिवाळ्यांआधी मीच मारला असता.”