बाहेरची कडी

"कट!" गिरीधर ओरडला. "अंबूअक्का, सातव्यांदा! हिला स्वल्प धरून ठेवा की हो!"

हेमलता दारापाशी उभी. कडी तिनेच काढलेली. आतून मेघाश्री, फिल्मची नायिका, घाम पुसत बाहेर आली. हेमलतेने तिच्या गालावरून हात फिरवला आणि पाण्याचा तांब्या पुढे केला.

घरोघरी केबल टीव्ही आला, आणि या शेजारच्या गिरीधरला मुकी फिल्म काढायची हौस! कोंडलेली बाई, चार भिंती, दारावरच्या थापा, आणि कुणीही येत नाही. बस्स, संपली फिल्म. त्यासाठी अख्खं बसवनगुडी पालथं घालून त्याने अंबूबाईंची मागची खोली पसंत केली. खिडकीला फळ्या ठोकलेल्या, कडी बाहेरून. "स्टोअररूम आहे," अंबूबाईंनी सांगून टाकलं.

स्टोअररूम कसली! शाळेच्या ऑफिसात कामाला जाताना अंबूबाई हेमलतेला तिथेच ठेवत. सव्वीस वर्षांची लेक, पण डोकं थाऱ्यावर नाही. गेल्या वर्षी उघड्या दारातून गेली ती तिसऱ्या दिवशी बनशंकरीच्या देवळामागे सापडली, अनवाणी, तापाने फणफणलेली. तेव्हापासून कडी. आईचाच जीव तो, काय करणार बिचारी? सुरुवातीला थापा ऐकून अंबूबाईंचा पाय निघत नसे. मग निघू लागला.

"आता शेवटचं रीळ," गिरीधर म्हणाला. "हे वाया गेलं तर फिल्म बोंबलली."

अंबूबाईंनी लेकीला अंगणाच्या कोपऱ्यात नेलं, दोन्ही मनगटं घट्ट धरली. आतून थापा सुरू झाल्या. हेमलता हिसके देऊ लागली.

"अगं वेडे, ती खरं नाही वाजवत," अंबूबाई कुजबुजल्या. "नाटक करतेय. थोड्या वेळाने गप्प होते बघ."

हेमलता थांबली. आईकडे टक लावून तिने अगदी शहाण्यासारखं विचारलं, "मी वाजवते, तेव्हा तुला असंच वाटतं का गं?"

थापा वाढल्या. कॅमेरा घरघरत होता, सगळे श्वास रोखून उभे होते. अंबूबाईंची बोटं सुटली. पण हेमलता या वेळी जागची हलली नाही. नुसती आईकडे बघत राहिली.

आठव्यांदा कडी काढली, ती अंबूबाईंनी.