फोटो न काढणारं गिऱ्हाईक

त्या बाईनं तंबूचा दोर दोनदा ओढून बघितला, तवाच सिद्धोधनच्या मनात पाल चुकचुकली.

जिंतूरच्या डोंगरात, गाडी थांबती तिथून पुढं अर्धा तास पायी, असं त्याचं तंबूत मुक्कामाचं ठिकाण. लोकं यायची, चांदण्या बघायची, फोटो काढायची. हे दोघं बहीण-भाऊ, उतरत्या वयाचे, पण एकबी फोटो काढंनात. नुसतं इचारायलेत.

"पाणी कुठून आणता?" भाऊ म्हणला.

"गाढवावर. खालच्या हिरीतून."

"आन एका तंबूमागं काय सुटतंय?"

सिद्धोधननं वळखलं. देवगाव फाट्यावरचा एक ढाबेवाला शेजारच्या डोंगरावर तंबू टाकायलाय, अशी आवई व्हती. ही त्याचीच माणसं! पुण्याची नोकरी सोडून सिद्धोधननं हा खेळ मांडला व्हता. तंबू ठोकणाऱ्याला पोरगी कोण देणार, म्हणून गाव हसायचं. आता कुठं बस्तान बसायलं, आन हे आयतं शिकायला आले.

ठरलं मग. असं भ्या घालायचं, की परत डोंगराकडं बघायचे न्हाईत.

"कशाचं सुटतंय काका! पावसाळाभर माश्या मारतो. वर तंबूबी वांदरं फाडतेत."

"मग भागतंय कसं?"

"भागतच न्हाई. हिवाळा सरला की समदं इकून टाकणार."

भाकरी थापणारी सत्यशीलामावशी चुलीपुढूनच वरडली, "काय बोलायलास रे? शनवारी जागा पुरंना, आन..."

"मावशे, तव्यावर बघ! करपायली!"

बाई चुलीपाशी टेकली. "इथं बाईमाणसाला ऱ्हायला भ्या न्हाई का वाटत?"

बायांच्या गिऱ्हाइकीवरबी डोळा हाय तर! सिद्धोधननं आवाज बारीक केला. "परवाच संडासात नाग निघाला, काकू. बाईमाणूस इथं दुसऱ्यांदा पाय ठिवत न्हाई."

बाईनं भावाकडं बघितलं. भावानं मान हलवली. सकाळी च्याबी न घेता दोघं डोंगर उतरले.

"पळाले बघ!" सिद्धोधननं टाळीसाठी हात म्होरं केला.

"गिऱ्हाइकाला असं हाकलतंय का कोण, येड्या?" मावशीनं टाळी दिली न्हाई.

तेवढ्यात आईचा फोन आला.

"सिद्धू, तुला सांगू नका म्हणले व्हते, पण माझ्या पोटात ऱ्हाईना बाबा. सेलूच्या त्या पोरीला तुझं काम लय आवडलंय, ती लग्नाला कवाच तयार हाय. तिचा बाप आन आत्या गुपचूप येऊन तुझा कारभार बघणारेत. आले का रे?"