अल्काताईंचं टेबल

देवरीच्या वाचनालयात ग्रंथपाल अल्काताईंना विचारल्याशिवाय कुणाला पुस्तक मिळत नसे. पण नवी सहायक दीप्ती शिकवण्याचं प्रशिक्षण घेऊन आली. तिनं वाचकांना पुस्तक स्वतःच शोधायला शिकवणारा वर्ग सुरू केला. दीप्तीभोवती बायकांचा घोळका जमला तसं अल्काताईंच्या पोटात दुखू लागलं. त्यांची नेहमीची वाचक कलाबाई लाखेच्या शेतीचं पुस्तक शोधताना कपाटापुढे अडली. अल्काताई चटकन उठल्या. "मॅडम, थांबा. त्यांना शोधू द्या," दीप्ती म्हणाली. अल्काताईंना वाटलं, कलाबाईला ते सापडूच नये. पण कलाबाईनं पुस्तकांच्या पुठ्ठ्यांवरचे आकडे यादीतल्या आकड्याशी जुळवून पाहिले, पुस्तक ओढून काढलं आणि ती हसत अल्काताईंकडे धावली. "सापडलं जी! इतकं सोपं होतं, तं तुमी मले आधी काऊन नाई शिकवलं?" अल्काताईंना उत्तर ठाऊक होतं. शिकवलं असतं, तर कलाबाई रोज त्यांच्या टेबलाशी कशाला आली असती?