पुढचं कडवं

ड्रॅगन पाळणाऱ्या आमच्या राज्यात गादीवर बसणारा प्रत्येक जण राजगीताला स्वतःच्या कौतुकाचं एक कडवं चिकटवतो, त्यामुळे ते संपता संपत नाही. गीत चालू असताना जागचा हलेल त्याला ड्रॅगनपुढे टाकायचं, हे फर्मान खुद्द म्हाताऱ्या महाराजांचं.

परवा भर दरबारात, गीत निम्म्यावर असताना तेच छाती धरून कोसळले. राजवैद्य हातभर अंतरावर पुतळा होऊन उभे. महाराजांखेरीज गीत थांबवायचा हक्क फक्त युवराजांना, म्हणून आम्ही गायकांनी त्यांच्याकडे पाहिलं. त्यांनी बोटानेच खुणावलं, चालू द्या. आणि आम्ही लाचार 'अमर आमुचा राजा' आळवत राहिलो.

गीत संपलं तेव्हा महाराजही संपले होते. युवराज त्यांना ओलांडून राजकवीजवळ आले.



"माझ्या कडव्यात 'पितृभक्त' आलंच पाहिजे."