मागचं दार

"कामाच्या वेळी मागचं दार उघडं असतं का, विचारा हिला," हिल्डाबाई इंग्रजीत म्हणाल्या.

सृष्टीनं प्रश्न मराठीत विचारला, तेव्हा स्वतःचाच आवाज तिला परका वाटला. समोर मैना उभी होती. डोक्याला जाळीची टोपी, हातात द्राक्षांचे घड साफ करायची कात्री. तिची दोन बोटं अजून नीट वळत नव्हती. शेजारी शेखरमामा उभे होते. द्राक्षं साफ करून पेट्यांत भरायचं हे पॅकहाऊस त्यांचं. सृष्टीचे वडील गेल्यावर तिला वाढवलं, शिकवलं, तेही त्यांनीच.

हिल्डाबाई युरोपातल्या काही चर्चनी मिळून चालवलेल्या संस्थेकडून आल्या होत्या. गरीब देशांतला माल ही संस्था रास्त भावानं घ्यायची आणि तिकडच्या दुकानांत पाठवायची. अट एकच, काम करणाऱ्यांना माणसासारखं वागवलं पाहिजे. मालकानं दुभाषा व्हायचं नाही, हाही त्यांचा नियम. तुमच्या चर्चमधलं कुणीतरी द्या, असं त्यांनी कळवलं आणि मामांनी सृष्टीचं नाव पुढे केलं. ती मामांची भाची आहे, हे हिल्डाबाईंना कुणी सांगितलं नव्हतं.

हंगामाच्या सुरुवातीला गिरणारेच्या वाटेवरच्या या पॅकहाऊसमध्ये वायरिंग पेटलं होतं. आग पुढच्या बाजूला, म्हणून बाया मागच्या दाराकडे धावल्या. दाराला बाहेरून कुलूप. पेट्या चोरीला जातात म्हणून मामांनीच ते लावायला लावलं होतं. धूर कोंडला. शेजारच्या मळ्यातल्या माणसांनी कुलूप फोडलं म्हणून सगळ्या वाचल्या, पण त्या रेटारेटीत मैनाचा हात दारात चेंगरला. दवाखान्यात सृष्टी तिच्या उशाशी बसली होती. "आता कुलूप नाही लावणार," मामा तिथं म्हणाले होते. मैना कामावर परतली तेव्हा दाराला नवं कुलूप होतं. ते तिनंच सृष्टीला सांगितलं. आज पाहुण्या यायच्या म्हणून सकाळीच ते काढून ठेवलं होतं.

मैना जे बोलेल ते जसंच्या तसं सांगायचं, मामांची भीड धरायची नाही, असं सृष्टीनं मनाशी पक्कं केलं होतं.

मैनानं नजर वर केली नाही. "उघडंच ऱ्हातं, ताई. आमाला काय बी तरास नाय."

सृष्टी गडबडली. "मैना, घाबरू नको. खरं ते सांग."

"हेच सांगा त्यास्नी," मैना दबक्या आवाजात म्हणाली. "यांनी माल घेयाचा बंद केला तं हे बंद पडंल. मंग पेठच्या पाड्यांवरनं येऊन आमी कुनाच्या दारात उभं ऱ्हायचं? दुसरीकडं तं याच्यापरीस वंगाळ हाय."

मामांनी ते ऐकलं. चेहऱ्यावर काही उमटू न देता ते समोरच्या पेट्यांकडे पाहत राहिले.

सृष्टीनं हिल्डाबाईंना सांगितलं, दार उघडं असतं, त्रास काही नाही, असं ही म्हणते. बाईंनी समाधानानं मान डोलावली आणि मैनाचा खांदा थोपटला. सृष्टीच्या तोंडून एकही शब्द वावगा गेला नव्हता, तरी जीभ कडू झाल्यासारखी तिला वाटली.

काम संपवताना प्रार्थना करायची, ही मामांची रोजची रीत. बहुतेक बाया ख्रिस्ती नव्हत्या, पण त्याही सवयीनं हात जोडायच्या. आज पाहुण्या निघायच्या म्हणून मामांनी सगळ्यांना लवकरच गोळा केलं.

"सृष्टी, आज तू कर," ते म्हणाले. "मराठीतच कर."

हिल्डाबाईंनी डोळे मिटले. बाया गोल करून उभ्या राहिल्या. सृष्टीनं लहानपणापासून तोंडात बसलेली प्रार्थना सुरू केली. "हे आमच्या स्वर्गातल्या बापा, या दिवसाबद्दल आम्ही तुझे आभार मानतो. या हातांना तू काम दिलंस..."

तिथं ती अडली. मैनाचे जोडलेले हात तिच्यासमोरच होते. दोन बोटं बाकीच्यांना जुळत नव्हती.

"प्रभू, त्या दिवशी या बाया दाराला धडका देत होत्या, ते तू पाहिलंस," सृष्टी म्हणाली. "बाहेरून कुलूप होतं. आजचा दिवस ते काढलंय. उद्या परत लागेल. मामांनी माझ्यासाठी खूप केलंय, बापा, मी त्यांच्या तोंडावर बोलू शकत नाही, म्हणून तुझ्याशी बोलते. त्यांच्या मनात दया घाल. आणि या बायांच्या पोटाला घास राहू दे. येशूच्या नावानं मागते. आमेन."

एकीनंही आमेन म्हटलं नाही. कोणीतरी हुंदका दिला. मैना विस्फारल्या डोळ्यांनी सृष्टीकडे बघत होती. मामांकडे पाहायचा सृष्टीला धीर झाला नाही.

हिल्डाबाईंनी डोळे उघडले. एक अक्षर कळलेलं नसूनही त्यांचे डोळे ओले झाले होते. "किती मनापासून केलीत!" त्या सृष्टीला म्हणाल्या. "काय मागितलंत देवाकडे?"

"मी सांगतो," मामा इंग्रजीत म्हणाले.

सृष्टीनं मान खाली घातली. परदेशी व्यापाऱ्यांशी बोलण्यात मामांची उभी हयात गेली होती. चांगला हंगाम मागितला, भाव मागितला, असं काहीतरी ते सफाईनं सांगतील. हिल्डाबाई हसतील, गाडीत बसतील. मग मामांच्या घरात आपल्याला जागा उरणार नाही.

मामा हिल्डाबाईंकडे वळले.

"ही माझी भाची आहे," ते म्हणाले. "तिनं देवाकडे माझी तक्रार केली, आणि ती खरी आहे. मैना खोटं बोलली ती माझ्यामुळे. या बाया आत असतात तेव्हा ते दार मी बाहेरून कुलूपबंद ठेवतो."