निळा अंगठा

तोराजाच्या डोंगरात काळ मागे फिरवणाऱ्या सात गावांचा करार त्या सकाळी व्हायचा होता. सातही जाणते सभाघरात चटईवर बसले होते. कलम एकच होतं: आपल्या घरच्या माणसासाठी कुणी काळ मागे फिरवायचा नाही.

"ज्याच्यासाठी काळ फिरवला त्यालाच तेवढं आठवतं, फिरवणाऱ्याला स्वतःला काही आठवत नाही, हीच तर पंचाईत आहे," म्हातारे सांपे आजोबा म्हणाले. "त्याच्या अंगावरची खूण तेवढी राहते." ते पुढे म्हणाले, "म्हणून सगळ्यांसमोर शाईनं अंगठे उठवायचे. लिंबोंगची आई, आधी तू."

"मीच का? माझ्यावर भरवसा नाही वाटतं?" ती म्हणाली, तसे सगळे हसले.

आजोबा शाईच्या नव्या बाटलीचं बूच उघडू लागले. ते काही केल्या निघेना. लिंबोंगच्या आईनं तोवर हात पुढे केला आणि ती तिथेच थबकली.

तिचा अंगठा निळा होता.

तिनं तो लुंगीला पुसला. वरची ओली शाई गेली. खाली जुनी, वाळलेली होती. तिनं ती नखानं खरवडली, तर त्याखाली आणखी एक थर निघाला.

कुणाच्या लक्षात यायच्या आत तिनं मूठ मिटली. घरी तर सगळं ठीक होतं. एकुलती एक लिंबोंग चांगली धडधाकट होती, आत्ता इथेच सगळ्यांना कॉफी देत होती.

लिंबोंग तिच्यापुढे वाकली. कप ठेवता ठेवता तिनं आईची मूठ उघडून अंगठा पाहिला आणि हलकेच पुन्हा मिटली. तिला नवल वाटलेलं दिसलं नाही.

"आई," ती हळूच म्हणाली, "या वेळी तरी, मी मेले की मला जाऊ दे."