आईचा उतार

भिंतीवर सहा मिनिटं एक टेकडी होती आणि तिच्यावर काहीही घडत नव्हतं. ऊन सरकलं. एका ढगाची सावली चढली, उतरली. खिडक्या लावून घेतलेल्या खोलीत आत्या चष्मा सावरत बघत होती. शेजारी बसलेला तिचा दिग्दर्शक भाचा भिंतीकडे नाही, तिच्याकडे बघत होता.

या एका सिनेमात त्याची नऊ वर्षं गेली होती. निर्माता म्हणायचा, "तुझ्या सिनेमात गवत वाढतं, तेवढीच काय ती हाणामारी." तो हसून सोडून द्यायचा. त्याला हवं होतं ते थोडंच होतं. तो पाच वर्षांचा असताना आई डोक्यावर गवताचा भारा घेऊन उतारावरून खाली यायची आणि तो पायथ्याशी वाट बघायचा. भाऱ्याखाली तिचा चेहरा दिसत नसे, नुसती पावलं दिसत. त्याच वर्षी ती गेली. वडील त्याला घेऊन शहरात आले. चेहरा पुढे कधी आठवलाच नाही, उतार तेवढा राहिला.

म्हणून वर्षातून दोनदा तो आठ-आठ दिवस इथे गावी, आत्याकडे येऊन राहायचा. आजूबाजूच्या घरांना केव्हाच कुलपं लागली होती. परसात तो कॅमेरा लावायचा आणि आत्या बाजूला स्टूल टाकून शेंगा सोलत बसायची. पहिल्या खेपेला त्यानं विचारलं होतं, "हीच ना ती टेकडी?" आत्यानं मान डोलावली होती.

शेवटचं चित्र विझलं. "आईसाठी" अशी अक्षरं आली आणि गेली.

"संपलं सगळं?" आत्यानं विचारलं.

"संपलं. आता तुला माझा त्रास नाही, आत्या."

तिनं चष्मा काढून पदरानं पुसला. बराच वेळ पुसत राहिली.

"हा उतार तिचा नाही रे," ती म्हणाली. "आपलं जुनं घर खिंडीपलीकडे होतं. तिथली टेकडी खाणवाल्यांनी तू यायच्या आधीच फोडून नेली. आता तिथे नुसता खड्डा आहे. या टेकडीवर तुझ्या आईनं कधी पाऊल ठेवलं नाही."

त्यानं उठून खिडकी उघडली. समोर दुपारच्या उन्हात टेकडी होती. तिचा दगडन्‌दगड त्याला पाठ होता. त्यानं आईची पावलं आठवून बघितली. ती येईनात.

"नऊ वर्षं माझ्या शेजारी बसलीस," तो पाठमोराच म्हणाला. "एकदाही सांगावंसं वाटलं नाही?"

"पहिल्याच दिवशी वाटलं होतं," आत्या म्हणाली. "पण मग तू दुसऱ्यांदा आला असतास का?"